रविवारी शिजवा, बुधवारपर्यंत खा: नारळ-तिरफळाच्या शिवराक नूडल्सबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आम्ही कुडाळात राहतो. घरात चौघं, त्यातले तिघं सकाळी आठच्या आत डबा घेऊन बाहेर पडतात. रोज पहाटे पोळी-भाजीचा घाट घालून कंटाळले तेव्हा रविवारी संध्याकाळी नूडल्सची अर्धी तयारी करून ठेवायला लागले. मग शेजारीण, नणंद, मुलीच्या मैत्रिणी असे फोन सुरू झाले आणि सगळ्यांचे प्रश्न तेच. म्हणून एकदाच लिहून काढते आहे. 'शिवराक' म्हणजे शाकाहारी. घाटावरच्या मंडळींना हा मालवणी शब्द नवा वाटेल.

नेमका पदार्थ आहे तरी काय?

हक्का नूडल्स, वर शेंगदाणा आणि नारळाच्या दुधाचा दाटसर सॉस, त्यात सोया सॉस, गवती चहा, तिरफळ (आमच्या कोकणातलं मसाल्याचं फळ) आणि आंबटपणाला कोकमाचं आगळ. शेंगदाण्याचा सॉस इंडोनेशिया-थायलंडकडचा, सोया सॉस चीनचा, बाकीचं आमच्या परसातलं. चायनीजच्या गाडीवर मिळतात त्या नूडल्सची चव इथे शोधू नका. हा रस्सेदार, गोडसर-आंबट आणि जिभेला किंचित बधिर करणारा प्रकार आहे.

चार डब्यांचं प्रमाण सांगा.

हक्का नूडल्स ३०० ग्रॅम, म्हणजे १५० ग्रॅमची दोन पाकिटं. भाजून सोललेले शेंगदाणे एक वाटी. बेडगी मिरच्या चार, गरम पाण्यात भिजवलेल्या. लसणाच्या आठ पाकळ्या, इंचभर आलं. सोया सॉस तीन मोठे चमचे, गूळ एक मोठा चमचा, आगळ दीड चमचा (आधी चाखा, कारण प्रत्येक घरचं आगळ वेगळं खारट असतं). तिरफळं आठ-दहा. गवती चहाची चार-पाच लांब पाती. नारळाचं जाड दूध एक कप. मध्यम नारळ आणि अर्धा कप गरम पाणी घेतलं तर साधारण तेवढं निघतं. चिरलेल्या भाज्या अर्धा किलोच्या वर. तेल शेंगदाण्याचं. खोबरेल का नको, ते पुढे येईल.

कृती काय? आणि रविवारी किती वेळ जातो?

पाऊण तास, तोही ओट्यापाशी उभं राहून गप्पा मारत. यातली सगळी मेख एका गोष्टीत आहे: काहीही एकत्र करायचं नाही. नूडल्स एका डब्यात, भाज्या दुसऱ्यात, वाटण बरणीत, नारळाचं दूध फ्रीझरमध्ये. एकत्र होतं ते ज्या दिवशी खायचं त्या दिवशी सकाळी. रविवारीच सगळं कालवून ठेवलंत तर सोमवारी खाल, मंगळवारी खाववणार नाही. नूडल्स सगळा सॉस पिऊन फुगतात, भाज्या पाणी सोडतात आणि डब्यात लापशी उरते.

आधी गवती चहाच्या पात्यांना गाठ मारून पाऊण कप पाण्यात पाच मिनिटं उकळा. गाठ मारली की काढताना एकही पात मागे राहत नाही. ते पाणी बाजूला ठेवा. शेंगदाणे मिक्सरला इतके फिरवा की कूट पुढे जाऊन तेल सुटायला लागेल. त्यात मिरच्या, आलं, लसूण घालून गवती चहाच्याच पाण्याने गंधासारखं वाटा. कढईत दोन चमचे तेलावर हे वाटण मंद आचेवर परता. खाली लागतं, हलवत राहा. कडेने तेल सुटलं की सोया सॉस, गूळ आणि हलकेच ठेचलेली तिरफळं घालून दोन मिनिटं उकळी द्या, गार करा, बरणीत भरा.

भाज्या मोठ्या आचेवर दोन-अडीच मिनिटांत परतून ताटात पसरा. त्या अर्ध्या कच्च्याच राहायला हव्यात, कारण त्यांना सकाळी पुन्हा आच लागणार आहे. नूडल्सबद्दल पुढचाच प्रश्न आहे.

सकाळचं काम सात-आठ मिनिटांचं. डब्यामागे वाटणाचे तीन मोठे चमचे, पाव कप नारळाचं दूध आणि दोन-तीन चमचे पाणी कढईत वाफ येईपर्यंत गरम करा, भाज्या आणि नूडल्स घालून दोन मिनिटं खालीवर करा, गॅस बंद करा आणि मग आगळ घाला. तिरफळं भरताना काढून टाका. दाताखाली आख्खं तिरफळ आलेला माणूस पुन्हा तुमच्या घरी जेवायला येणार नाही. सॉस कढईत हवा त्यापेक्षा पातळ ठेवा, दुपारपर्यंत नूडल्स तो ओढून घेतात.

माझे नूडल्स फ्रिजमध्ये वीट होतात. का?

वरचा स्टार्च धुतला गेलेला नसतो, म्हणून. भरपूर पाणी घ्या, ३०० ग्रॅमला निदान अडीच-तीन लिटर. पाकिटावर लिहिलंय त्यापेक्षा एक मिनिट आधी उतरवा. चाळणीत ओतून लगेच गार पाण्याने धुवा, निथळा, दोन चहाचे चमचे तेल चोळा आणि परातीत पसरून पंख्याखाली दहा-पंधरा मिनिटं ठेवा. ओले नूडल्स डब्यात कोंबले की वीट ठरलेलीच.

आता ते धुवायचं गार पाणी कुठलं, हे कुठल्याच पाककृतीत लिहिलेलं नसतं. आपल्याकडे निम्म्या घरांत विहिरीचं पाणी. पावसात ते गढूळ होतं आणि शिजलेल्या अन्नावर ते ओतणं म्हणजे शिजवण्याचा अर्धा फायदा घालवणं. उकळून गार केलेलं किंवा फिल्टरचं पाणीच वापरा.

खोबरेल तेल मात्र चोळू नका. ते २४ अंशांच्या आसपास गोठतं. मी एकदा घरच्या घाण्याचं खोबरेल कौतुकाने चोळलं, सकाळी डबा उघडला तर नूडल्सवर पांढरी मेणबत्ती.

नारळाचं दूध फाटतं. काय चुकतं?

दोन चुका असतात आणि बहुतेक वेळा दोन्ही एकदम होतात.

पहिली, खळखळून उकळी. नारळाचं दूध म्हणजे पाण्यात तरंगणारे तेलाचे बारीक थेंब. त्यांना त्यातली प्रथिनं धरून ठेवतात. जोरात उकळलं की ती पकड सुटते, तेल वर आणि पाणी खाली जातं. म्हणून वाफ दिसेपर्यंतच तापवायचं, आणि हलवत राहायचं.

दुसरी, गरम दुधात आंबट. सोलकढी आठवा. नारळाचं दूध आणि आगळ, दोन्ही गार, आणि ती कधी कोणी उकळत नाही. आपल्या आज्यांना यामागचं रसायन माहीत नसेल, पण सोलकढी चुलीवर चढवायची नाही हे पक्कं माहीत होतं. तोच नियम इथे: आगळ गॅस बंद झाल्यावर.

आणि फाटलंच तर? चव बिघडत नाही, रूप बिघडतं. थायलंडच्या स्वयंपाकात काही रश्श्यांना नारळाची साय मुद्दाम तेल सुटेपर्यंत आटवतात आणि त्या तेलात वाटण परततात. वाटणाचा चमचाभर आणखी घालून घोटा, शेंगदाण्यामुळे बरंचसं परत मिळून येतं.

ताजं दूध फ्रिजमध्ये दुसऱ्या दिवशीच उतरायला लागतं. म्हणून बर्फाच्या ट्रेमध्ये ओतून गोठवते आणि लाद्या पिशवीत भरून ठेवते. वितळल्यावर ते फुटक-फुटक दिसतं. घाबरू नका, फेटलं की एकजीव होतं. पाकिटातलं दूध वापरलंत तरी पाकीट उघडल्यावर त्याला हाच न्याय.

आगळ आणि अमृत कोकम एकच ना?

नव्हे! आगळ म्हणजे कोकमाच्या फळाचा मीठ घातलेला आंबट अर्क, अमृत कोकम म्हणजे साखरेचं सरबत. दोघांचा रंग एक आणि बाटल्याही सारख्याच. माझ्या नणंदेने पुण्यात अमृत कोकम घालून नूडल्स केले आणि 'तुझी रेसिपी गोडमिट्ट आहे' असा फोन केला. आगळ मिळत नसेल तर सहा-सात आमसुलं अर्ध्या वाटी गरम पाण्यात अर्धा तास भिजवून कुस्करा. लिंबूही चालतं, फक्त रंग येत नाही आणि वास वेगळ्या दिशेला जातो. व्हिनेगर मला इथे आवडत नाही.

तिरफळ? ते तर बांगड्याच्या तिकल्यात, म्हणजे माशाच्या कालवणात घालतात. शिवराक जेवणात कशाला?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, आणि मला सगळ्यात आवडतो.

ज्याला आपण 'शेजवान' म्हणतो तो शब्द चीनच्या सिचुआन प्रांताच्या नावावरून आलाय. त्या प्रांताच्या जेवणाची ओळख म्हणजे सिचुआन मिरी, जी खाल्ली की जीभ झिणझिणते. आणि गंमत अशी की आपल्याकडच्या लालभडक शेजवान चटणीत ती मिरी बहुधा नसतेच. ती चटणी लाल मिरची, लसूण, तेल आणि व्हिनेगर यांची, इथल्या चायनीज हॉटेलांतून वाढलेली.

आता तिरफळाकडे या. वनस्पतिशास्त्रात सिचुआन मिरी आणि आपलं तिरफळ एकाच वंशात बसतात, झँथोझायलम. आपलं ते झँथोझायलम रेट्सा. दोन्ही झाडं काटेरी, दोन्हींच्या फळाचं साल वापरायचं आणि आतली काळी बी टाकून द्यायची. झिणझिणीचं कारणही सँशूल नावाच्या द्रव्यांचं एकच घराणं. म्हणजे सिचुआनच्या मिरीची चुलत बहीण आपल्या डोंगरात उभी आहे आणि आपण शेजवानची बाटली विकत आणतो.

वापरायची रीत मात्र आपलीच ठेवा. बी काढा, साल हलकेच ठेचा, शेवटी घाला. मिक्सरला वाटू नका, कडवट होतं. तिरफळ जुनं झालं की वास जातो. डबा उघडल्यावर लिंबाच्या सालीसारखा वास आला नाही तर ते फेकायच्या लायकीचं आहे. माशाचा वास लागतो का, असंही एकीने विचारलं. तिरफळाला माशाचा वास नसतो हो, आपल्या आठवणीला असतो. आमच्याकडे वाटाण्याच्या आमटीतही पडतं ते.

हक्का नूडल्स मैद्याचे असतात. दुसरं काय वापरू?

तांदळाचे पट्टीसारखे नूडल्स मिळाले तर उत्तम. ते उकळायचे नसतात, कढत पाण्यात भिजवायचे. मुगाच्या स्टार्चचे काचेसारखे नूडल्स सॉस फार पितात, डब्याला नकोत. सोबा बकव्हीटचे असतात, पण बऱ्याच पाकिटांत निम्म्याहून जास्त गहू असतो, नाव बघून फसू नका. 'आटा नूडल्स'चं पाकीटही उलटं करून वाचा. गव्हाची ॲलर्जी असेल तर लक्षात ठेवा, साध्या सोया सॉसमध्येही गहू असतो.

शिरवाळे चालतील का?

चालतील काय, धावतील. माझ्या सासूबाईंनी पहिल्यांदा हा डबा उघडून बघितला आणि म्हणाल्या, "हे तर शिरवाळेच मां! मगे रस खंय आसा?"

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: तांदळाच्या पिठाची उकड काढून, तिचे गोळे उकळत्या पाण्यात शिजवून, गरम असतानाच लाकडी साच्यातून दाबून काढलेल्या शेवया म्हणजे शिरवाळे. साचा दाबायला दोन माणसं लागतात आणि त्यांच्यात भांडण होणं हा कृतीचाच भाग आहे. खायचे गुळाच्या, वेलदोड्याच्या नारळरसाबरोबर. केरळात तांदळाच्या अशाच शेवया इडिअप्पम म्हणून खातात, थायलंडात तांदळाचे खनोम चीन नारळाच्या रश्शात, आणि मलेशिया-सिंगापुरात नूडल्स नारळाच्या तिखट रश्शात घालून लक्सा होतो. या सगळ्या किनाऱ्यांवर माड आहे आणि भात आहे. मग दोघांची गाठ पडणारच होती.

पण डब्याच्या दृष्टीने शिरवाळ्यांचा एक दोष आहे. शिजलेला तांदळाचा स्टार्च फ्रिजच्या थंडीत पुन्हा घट्ट बांधला जातो, म्हणून उरलेला भात सकाळी टणक लागतो. शिरवाळ्यांचंही तेच, ते फ्रिजमध्ये ताठ होऊन मोडतात. उपाय वाफ. मोदकपात्रात पाच-सहा मिनिटं वाफवले की पुन्हा मऊ होतात. कढईत परतू नका, चुरा होईल. वाफवलेल्या शिरवाळ्यांवर गरम सॉस ओता, बस. आणि ते दोन दिवसांतच संपवा. चार दिवस ठेवायचा पदार्थ नव्हे तो.

कुठल्या भाज्या टिकतात?

कोबी, गाजर, फरसबी, ढोबळी मिरची. ही बाजारातली नेहमीची चौकडी डोळे मिटून घ्या. पडवळ, दुधी, काकडी पाणी सोडतात. काकडी हवीच असेल तर कच्ची, वेगळ्या डबीत. लाल माठाने अख्खा डबा गुलाबी होतो. माझ्या धाकट्याला ते आवडतं, मोठीला नाही.

माझी खरी शिफारस मात्र हंगामाप्रमाणे बदलते. शिमग्याच्या सुमाराला कुयरी, म्हणजे कोवळा फणस. हाताला तेल लावून कापा, कुकरला शिजवा आणि हातानेच रेषा सोडवा. या रेषा सॉस असा धरून ठेवतात की विचारू नका, आणि दुसऱ्या दिवशी जास्त चांगल्या लागतात. जावा बेटावरच्या योग्यकर्तात कोवळा फणस नारळाच्या दुधात आणि ताडगुळात तासन्‌तास शिजवतात, त्याला गुदेग म्हणतात. आपली कुयरीची भाजी आणि गुदेग शेजारी ठेवले तर दोघी एकमेकींना ओळखतील.

त्याच दिवसांत ओले काजूगर येतात. महाग असतात, पण सोलून फ्रीझरमध्ये टाकले तर पावसाळ्यातही काढता येतात. पावसात बांबूचे कोंब. ते मात्र कच्चे किंवा अर्धकच्चे कधीच नको. त्यात नैसर्गिक विषारी द्रव्य असतं, जे भिजवण्याने आणि उकळण्याने जातं. बारीक चिरून पाण्यात ठेवा, दोन-तीन दिवस रोज पाणी बदला, मग उकळून तेही पाणी फेका. रानातल्या अळंब्यांबद्दल विचाराल तर ओळखणारं जाणतं माणूस सोबत असेल तरच. फोटो पाठवून मला विचारू नका, मी सांगणार नाही.

टोफू कुठे मिळतो?

आमच्याकडे रोज मिळत नाही. पनीर चालतं, पण दोनदा गरम झालं की रबर होतं, म्हणून ते सकाळी ताजंच घाला. सोया चंक्स स्वस्त आणि प्रथिनांनी भरलेले, सुक्या १०० ग्रॅमला साधारण ५० ग्रॅम. भिजवून घट्ट पिळा, नाहीतर पेंढ्याचा वास येतो. माझी आवड मात्र वालाचं बिरडं: मोड आणून सोललेले कडवे वाल, जेमतेम शिजवलेले. त्यांचा किंचित कडवटपणा गोडसर सॉसला ताळ्यावर आणतो. टोफू हाती लागलाच तर गोठवून, वितळवून, पिळून वापरा. तो स्पंजासारखा होतो आणि सॉस आत घेतो.

फ्रिजमध्ये नक्की किती दिवस? आमच्याकडे आठवडाभर ठेवतात, काही होत नाही.

शिजवल्यापासून तीन, फार तर चार दिवस. रविवारी संध्याकाळचं बुधवारच्या डब्यात संपवा. गुरुवार-शुक्रवारचं वाटण रविवारीच फ्रीझरमध्ये टाका आणि नूडल्स बुधवारी रात्री ताजे उकडा, दहा मिनिटांचं काम आहे.

'काही होत नाही' हे ज्या दिवसापर्यंत होत नाही त्या दिवसापर्यंत खरं असतं. तांदूळ, नूडल्स अशा पिष्टमय अन्नात बॅसिलस सीरियस नावाचा जीवाणू असू शकतो. शिजवताना तो मरतो, पण त्याचे बीजाणू मरत नाहीत. अन्न कोमट अवस्थेत ओट्यावर पडून राहिलं की बीजाणू जागे होतात, वाढतात आणि त्यांतले काही असं विष सोडतात की जे पुन्हा उकळूनही जात नाही. म्हणून 'परत कडकडीत गरम केलं की झालं' हा समज सोडा. खरी खबरदारी गार करण्याच्या वेळी घ्यायची आहे: पसरून पटकन गार करा आणि दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा. उन्हाळ्यात पारा ३२ च्या वर असतो तेव्हा एकाच तासात. फ्रिज ५ अंशांच्या खाली हवा. खोल पातेल्यात झाकून 'रात्री गार होईल, सकाळी ठेवू' ही आपल्याकडची सवय सगळ्यात वाईट.

आणि लाईट गेली तर?

जून ते सप्टेंबर हा 'तर' नसतोच. फ्रिजचं दार उघडलं नाही तर आतला गारवा साधारण चार तास राहतो. भरलेला फ्रीझर दोन दिवस, अर्धा भरलेला एक दिवस तग धरतो. म्हणून पावसाळ्यात मी फ्रीझरच्या रिकाम्या जागेत पाण्याच्या बाटल्या गोठवून ठेवते. चार तास उलटून गेले आणि लाईट आलीच नाही, तर शिजलेले नूडल्स गुरांनाही घालू नका, सरळ टाका.

मे २०२१ मध्ये तौक्ते वादळाने आमच्या जिल्ह्यात कित्येक घरांत दिवसेंदिवस वीज नव्हती. त्या वेळी माझ्या फ्रीझरमधलं सगळं गेलं, त्यात वर्षाचे काजूगर. रडले मी, नूडल्ससाठी नव्हे. तेव्हापासून जुलै-ऑगस्टात दोन दिवसांपेक्षा जास्त तयारी करत नाही. आकाश बघून स्वयंपाक करायचा, आपल्याला काय नवं आहे त्यात.

ऑफिसात मायक्रोवेव्ह नाही. डबा सकाळी आठचा, जेवण दीडला.

साध्या डब्यात साडेपाच तास कोमट राहिलेलं हे अन्न मला मान्य नाही, एप्रिल-मेच्या उकाड्यात तर नाहीच. दोन रस्ते आहेत. एक थर्मासचा डबा: आधी त्यात उकळतं पाणी भरून दहा मिनिटं ठेवा, ओतून टाका, मग वाफाळते नूडल्स गच्च भरा. अन्न ६० अंशांच्या वर राहिलं पाहिजे, म्हणजे दुपारी उघडल्यावर हाताला चटका बसायला हवा. अर्धा भरलेला थर्मास लवकर गार होतो.

दुसरा, थंडच खाणं. सिचुआनमध्ये उन्हाळ्यात थंड नूडल्स खातात आणि हा शेंगदाण्याचा सॉस थंड छान लागतो. त्यासाठी नारळाचं दूध वगळा, थोडं पाणी आणि जास्त आगळ घ्या, वर कच्ची काकडी आणि कोथिंबीर. डबा रात्रभर फ्रिजमध्ये, आणि सकाळी गोठवलेल्या पाण्याच्या बाटलीसोबत जाड थर्मल पिशवीत. दुपारपर्यंत बाटली वितळते, प्यायलाही होते.

बाजारातलं साहित्य शिवराक आहे हे कसं ओळखायचं?

हिरवा ठिपका बघा. अंड्याचे नूडल्स, ऑयस्टर सॉस, फिश सॉस हे नावावरून कळतं. फसवतात ते थाय करी पेस्ट आणि किमची: पहिल्यात बऱ्याचदा कोळंबीची पेस्ट असते, दुसरीत माशाचा सॉस किंवा खारवलेली कोळंबी. परदेशी दुकानातून कोणी आणून दिलेल्या बाटलीवर हिरवा ठिपका नसतो, तिथे साहित्याची यादी वाचण्याला पर्याय नाही. गाडीवरच्या नूडल्सची कढई वेगळी असते का, हे मात्र कुठल्याच ठिपक्यावरून कळत नाही.

श्रावणात कांदा-लसूण चालत नाही.

कांदा यात नाहीच. लसूण काढा, आलं दुप्पट करा आणि परतताना हिंगाची चिमूट टाका.

उपासाला चालेल?

नाही. साबुदाणा खा.

अजिनोमोटो घालावं का? मीठ कुठेच दिसत नाही.

अजिनोमोटोतलं द्रव्य, मोनोसोडियम ग्लुटामेट, १९०८ मध्ये जपानी रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी समुद्री शेवाळाच्या सारातून वेगळं केलं. नेहमीच्या प्रमाणात ते बहुतेकांना बाधत नाही, पण या सॉसला त्याची गरज नाही, सोया सॉसमध्ये ती चव आहेच.

मीठ वेगळं नाही कारण सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यात साधारण ९०० मिलिग्रॅम सोडियम असतं, वर आगळ खारट. दिवसाला २००० मिलिग्रॅमच्या आत राहावं असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. रक्तदाब असेल तर सोया सॉस दोन चमच्यांवर आणा आणि आगळाऐवजी बिनमिठाची आमसुलं वापरा.

मुलांच्या शाळेच्या डब्यात देऊ का?

मिरच्या एकावर आणा, तिरफळ वगळा. आधी शाळेत विचारा मात्र, शेंगदाणा आणि काजू दोन्हींची ॲलर्जी गंभीर असू शकते आणि मुलं डबे वाटून खातात.

हे फ्यूजन वगैरे म्हणजे आपल्या जेवणाची भेसळ नाही का?

एका काकांनी लग्नाच्या पंगतीत विचारलं, पुढ्यात काजूगराची उसळ होती. काजू पोर्तुगीजांनी ब्राझीलहून आणला. त्या उसळीतली मिरचीही अमेरिका खंडातली आणि शेंगदाणाही तिकडचाच. मी म्हटलं, काका, उसळ गार होतेय. हक्का हे तर चीनमधल्या एका समाजाचं नाव. त्यांच्यातले लोक कोलकात्यात येऊन वसले आणि त्यांच्या स्वयंपाकातून आपल्याकडचं चायनीज उभं राहिलं. त्यांनी इथली मिरची घेतली, मी त्यांचा सोया सॉस घेते.

वाटण उरलं तर?

घावन्यांबरोबर चटणीसारखं खा. थोडं पाणी घालून सैल केलंत तर उकडलेल्या नीरफणसावर ओतायलाही बरं. आमच्याकडे ते उरत नाही, कारण बरणी चाटायला धाकटा बुधवारी संध्याकाळी चमचा घेऊन उभा असतो.